फिटेल त्या दिवशी झोपायला येईन

कर्ज मंजूर झालं म्हणून पेढे वाटतात, हे मी पहिल्यांदा माझ्याच मळ्यात पाहिलं. आमच्या वेळी कुणी पैसे उचलले तर ते बायकोलासुद्धा चार दिवसांनी कळायचं. मुलगा अंबडच्या कंपनीतून सुटला, बँकेत गेला आणि तिथून सरळ मखमलाबादला मळ्यात आला. मी विहिरीजवळ मेथीच्या जुड्या बांधत बसलो होतो. त्यानं पेढ्यांचा पुडा जुड्यांच्या ढिगाशेजारी ठेवला आणि म्हणाला, "नाना, वीस लाख सँक्शन झाले."

"कुणी दिले?"

"बँकेनं."

"फुकट?"

तो हसला. "फुकट कोण देतं, नाना? होम लोन आहे."

"मग पेढे बँकेनं वाटायला पाहिजेत," मी म्हणालो. "गिऱ्हाईक तिला भेटलं."

त्यानं ते मनावर घेतलं नाही. बायकोनं एक पेढा देवापुढे ठेवला, एक माझ्या हातावर. मी तो खिशात टाकला आणि पुढच्या जुडीला हात घातला. सदरा धुवायला काढला तेव्हा तिला तो सापडला, मुंग्या लागलेला. त्यावरून ती मला बरेच दिवस बोलत होती.

माझी शाळा चौथीपर्यंत. पण व्यवहारात मला कुणी टोपी घातली नाही, असं मी सत्तरी ओलांडेपर्यंत चारचौघांत सांगत होतो. आता सांगत नाही. का सांगत नाही, त्याचंच हे लिहिणं आहे.

आम्हा भाजीपाला पिकवणाऱ्यांचा बराच व्यवहार उक्ता असतो. फ्लॉवरचा प्लॉट तयार होत आला की व्यापारी येतो, बांधावर उभा राहतो, एकदा या टोकापासून त्या टोकापर्यंत नजर टाकतो. तो एक आकडा बोलतो, मी एक बोलतो. तो गाडीकडे चालायला लागतो, मी पाठ फिरवून पाण्याच्या दाऱ्याकडे जातो. मग तो परत येतो. आकडा ठरला की विसार म्हणून हातावर थोडे पैसे ठेवतो आणि उभा प्लॉट त्याचा. उद्या भाव चढला तर मी ब्र काढत नाही, गारा पडल्या तर तो काढत नाही. कुणाकडून ठिबकच्या नळ्यांसाठी पैसे घेतले तरी तसंच. एवढे घेतले, हंगाम झाल्यावर एवढे द्यायचे. व्याजसुद्धा उक्तं. ठरलं की ठरलं, पुन्हा त्यावर बोलणं म्हणजे जिभेचा भरवसा नसल्याचं लक्षण.

पाथर्डी फाट्याला फ्लॅट घ्यायचं ठरलं तेव्हा मी याच तयारीनं बिल्डरच्या ऑफिसात गेलो. दोन बेडरूम, हॉल, किचन, तिसरा मजला, लिफ्ट. बिल्डर साडेसत्तावीस लाख म्हणाला. मुलगा मान हलवायलाच लागला होता, मी त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. दोन वेळा चहा झाला. मी उठलो, गेटपर्यंत गेलो, तिथं उभ्या असलेल्या एका पोराला शेजारच्या रिकाम्या प्लॉटचा भाव विचारला. बिल्डरचा माणूस धावत आला. शेवटी साडेपंचवीसवर आणला, वर गाडी लावायची जागा त्यातच. साडेपाच लाख आम्ही रोख भरले. त्यातले चार माझे होते, शेवंतीच्या दोन चांगल्या वर्षांचे. वीस लाख बँकेचे.

त्यानंतर पंचवटीच्या मार्केट यार्डात जो भेटेल त्याला मी ते दोन लाखांचं सांगितलं. एक जण म्हणाला, "नाना, तुम्ही बिल्डरला कोथिंबिरीसारखा घासला." मला ते फार आवडलं होतं. आज आठवलं तरी शिसारी येते.

कारण खरा सौदा बिल्डरशी नव्हताच. खरा सौदा बँकेशी होता, आणि तिथं आमच्याकडून कुणीच घासाघीस केली नाही. तिथं माझा मुलगा मान खाली घालून सह्या करत होता, बायका वाण घेताना पदर पुढे करतात तसा. किती पानं होती, कुणी वाचली नाहीत. विमासुद्धा त्यातच घातला होता. विम्याचे पैसेही बँकेनंच कर्जाऊ दिले, म्हणजे त्यावरही व्याज. हे मला पुष्कळ उशिरा कळलं.

हप्ता महिन्याला सतरा हजार तीनशे आणि काही. मुलगा म्हणाला, मुदत वीस वर्षं. मी मळ्यातल्या फरशीवर खडूनं मांडलं. सतरा हजारानं वीस लाख किती दिवसांत होतात? दहा वर्षं लागतात, वर थोडं इकडंतिकडं. व्याजाची धर दोन वर्षं. बारा.

"बारा वर्षांत फिटतंय," मी म्हणालो. "वीस तुला कुणी सांगितली?"

"बँकेनं, नाना. त्यांचा कॉम्प्युटर काढतो."

"कॉम्प्युटरला कधी उक्तं करावं लागलंय?"

तो नुसता हसला. त्याला माझ्याशी वाद घालायचा कंटाळा. मला वाटलं, पटलं.

वास्तुशांतीला पाहुणे आले. जेवणं झाली, बायका भांडी आवरत होत्या. सुनेचे वडील, आमचे व्याही, हॉलमध्ये नव्या सोफ्यावर पाय घेऊन बसले होते. म्हणाले, "काय नाना, आता मुक्काम इथंच ना? लिफ्टबिफ्ट हाय, मजा हाय."

मी म्हणालो, "हे घर अजून बँकेचं हाय. परक्याच्या घरात मी जेवतो, झोपत नाय. फिटेल त्या दिवशी झोपायला येईन."

सगळे हसले. व्याही म्हणाले, "तोवर कोण जगतंय?"

"मी जगतो," मी म्हणालो. मी तेव्हा चौसष्टचा होतो. चौसष्ट आणि बारा शहात्तर. आमचे वडील ऐंशीला गेले, तेही बांधावरून पाय घसरून, आजारानं नाही. मला त्यात अवघड काही दिसलं नाही.

हा शब्द मी पाळला. सणावाराला जायचो, जेवायचो, नातीला मांडीवर घ्यायचो, आणि शेवटच्या बसनं मखमलाबादला परत. सून आग्रह करायची. तिनं आम्हा दोघांसाठी आतली खोली ठेवली होती, त्यात पलंग, पलंगावर नवी गादी. गादीवरचं प्लास्टिक तिनं काढलं नव्हतं. "तुम्ही पहिल्यांदा झोपाल तेव्हा काढीन," म्हणायची. एकदा पावसात बस चुकली, तर मी खाली वॉचमनच्या खुर्चीवर बसून उजाडू दिलं. वॉचमनची केबिन बिल्डरच्या पैशातली, तिचा बँकेशी संबंध नव्हता. सकाळी मुलगा ड्यूटीला निघाला तर मी गेटवर.

"नाना, लोक काय म्हणतील? बाप खाली बसवला."

"लोकांना सांग, बँकेला विचारून बसवलाय."

या सगळ्यात हाल झाले ते माझ्या बायकोचे. तिनं काही शपथ घेतली नव्हती, पण नवऱ्याला मळ्यात एकटा टाकून ती तिकडं राहीना. तिचे गुडघे गेले. मळ्यातल्या घराला तीन पायऱ्या, मोरी आणि संडास अंगणापलीकडे. पावसाळ्यात तिथवर जायचं म्हणजे तिला भिंत धरून, मग कडुनिंब धरून, मग बादली धरून जावं लागायचं. तिकडं फ्लॅटमध्ये खुर्चीसारखा संडास, गरम पाण्याचा नळ, शेजारी तिच्या वयाच्या चार बायका. ती काही बोलायची नाही, फक्त बोलायची तेव्हा नेमकं बोलायची. "तुमच्या शब्दाखातर माझे गुडघे गहाण पडलेत," एकदा म्हणाली. मी म्हणालो, "थोडं राहिलंय."

मी मनात धरून होतो, नऊ वर्षं झाली, तीन राहिली. तीन वर्षं कशीही काढता येतात.

त्या गणपतीत आम्ही फ्लॅटवर जेवायला होतो. बायकोला पाटावरून उठता येईना. मुलानं आणि सुनेनं काखेत हात घालून उठवलं. तिच्या डोळ्यांत पाणी आलं ते मी पाहिलं आणि मुद्दाम मोठ्यानं म्हणालो, "आता तीनच वर्षं. मग हिला रोज सोफ्यावर बसवतो."

मुलगा ताटात बघत होता. सुनेच्या हातात वरणाचं पातेलं होतं. ती त्याच्याकडे बघत होती, तो बोलेना. शेवटी तीच म्हणाली, "नाना, तीन नाही. अजून चौदा आहेत."

"कसली चौदा?"

"हप्त्यांची वर्षं."

मला वाटलं, ही चुकतेय. मी मुलाकडे पाहिलं. तो म्हणाला, "थोडी वरच आहेत. चौदा आणि चार महिने."

"वीसच होती ना तुझ्या कॉम्प्युटरची? नऊ गेली तर अकरा उरतात."

"व्याज वाढलं, नाना. मध्ये दोनदा-तीनदा वाढलं. हप्ता तेवढाच ठेवतात आणि मुदत वाढवतात."

"कुणाला विचारून?"

"मेसेज येतो."

"मग तू काय केलंस मेसेज आल्यावर?"

"हप्ता तोच होता," तो म्हणाला. "मग मी कशाला बघू?"

बारावी झालेला, आयटीआय केलेला, कंपनीत सुपरवायझर म्हणून दहा माणसं हाताखाली असलेला माझा मुलगा. महिन्याला जातात तेवढेच जातायत ना, मग झालं. कधीपर्यंत जातायत, हे बघायचं त्याला सुचलंच नाही. मला माझ्या ताटातला मोदक बघवेना. मी हात धुतला आणि निघालो. बायको मागून म्हणाली, "अहो, मला तरी घेऊन चला," आणि मी जिन्याच्या दोन पायऱ्या उतरून परत वर आलो, लिफ्टपाशी.

बसमध्ये मी पुन्हा वयाची बेरीज केली. मी त्र्याहत्तरचा. त्र्याहत्तर आणि चौदा सत्त्याऐंशी. बायको माझ्याहून पाच वर्षांनी लहान, पण तिचे गुडघे माझ्याहून वीस वर्षांनी मोठे. या जन्मी मी त्या घरात झोपणार नव्हतो, आणि माझ्यामुळे तीही झोपणार नव्हती. शब्द तर चारचौघांत दिलेला. व्याही अजून ठणठणीत आहेत, विसरलेही नाहीत.

मी मुलाला म्हणालो, मला बँक दाखव.

बँक नाशिक रोडला. आत एवढं गार की बायकोची शाल मागावी. भिंतीवर मोठं चित्र, त्यात एक जोडपं, एक लेकरू, तिघंही दात काढून किल्ली धरून उभे. त्या किल्लीकडे मी बराच वेळ बघत बसलो. काउंटरवर एक मुलगी होती, सुनेच्याच वयाची. मी तिच्याशी भांडायला गेलो होतो, पण तिनं आधी खुर्ची दिली आणि पाणी मागवलं, त्यामुळे भांडण जरा अडकलं.

"पोरी, आम्ही नऊ वर्षं भरतोय. किती भरले ते सांग."

तिनं मशीनवर पाहिलं. "साडेसतरा लाखाच्या थोडे वर, काका."

"मग राहिले किती?"

"साडेसोळा."

मी मुलाकडे पाहिलं. वीस घेतले, साडेसतरा दिले, साडेसोळा राहिले. चौथी शिकलेल्या माणसालाही कळतं की यात कुठंतरी पाणी मुरतंय.

"म्हणजे फिटले किती?"

"साडेतीन लाख."

"आणि बाकीचे चौदा?"

"ते व्याजात गेले, काका. हप्ता आला की आधी त्या महिन्याचं व्याज वळतं होतं. उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या वर्षी तुमच्या सतरा हजारांतले चौदा हजार व्याजातच जात होते. मुद्दल मोठं असतं ना सुरुवातीला."

मी डोळे मिटून घेतले. माझ्या डोळ्यांपुढे आमचा जुना मातीचा पाट आला. मोटर तास न् तास चालायची, पाणी पाटात सुटायचं, आणि टोकाचा वाफा कोरडाच. सगळं पाटानंच पिऊन टाकलेलं. ते निदान आमच्याच जमिनीत मुरायचं.

"भाडंच की मग हे," मी म्हणालो.

"भाडं नाही, काका. व्याज."

"दुसऱ्याच्या वस्तूत राहून महिन्याला देतात त्याला आमच्याकडं भाडं म्हणतात."

ती हसली नाही. ते मला बरं वाटलं. ती म्हणाली, "आणि कोरोनात तुम्ही सहा हप्ते थांबवले होते. त्या सहा महिन्यांचं व्याज मुद्दलात चढलं."

तेही मला आठवलं. कंपनी बंद होती, मुलगा मळ्यात येऊन टोमॅटो तोडत होता. म्हणाला होता, बँकेनं सवलत दिलीय, हप्ते भरायचे नाहीत. आम्ही बँकेला चांगलं म्हणालो होतो. बायकोनं तर हात जोडले होते.

"असंच भरत राहिलो तर शेवटी एकूण किती होतील?"

तिला सांगायचं नव्हतं, पण तिनं काढलं. सत्तेचाळीस लाखांच्या वर. वीस लाखांचे. मी बिल्डरच्या गेटपर्यंत जाऊन दोन लाख कमी केले होते. यार्डात सांगत फिरलो होतो. त्या दोन लाखांच्या दहापटीहून जास्त इथं या गार खोलीत चुपचाप निघून जात होते आणि मला कोथिंबिरीची उपमा गोड लागत होती.

मग मला एक सुचलं. याच बँकेच्या आमच्याकडच्या शाखेत माझी दोन लाखांची ठेव होती. माझ्या तेराव्याची. मी मेल्यावर माझ्या जेवणावळीसाठी पोरानं कुणापुढे हात पसरू नये म्हणून ठेवलेली. मी विचारलं, "माझ्या ठेवीला तुम्ही काय व्याज देता?"

"साडेसहा, काका."

"आणि याच्याकडून काय घेता?"

"आता सव्वानऊ आहे."

"म्हणजे माझेच पैसे माझ्याच पोराला वापरायला देता, आणि मधल्या मधे पावणेतीन तुमचे."

"तसं थेट नसतं, काका."

"थेट नसेल. तिरकं असेल."

मुलगा माझी बाही ओढत होता. मी म्हणालो, "ठेव मोड. त्याच्या कर्जात टाक."

तिनं सांगितलं, मुदतीआधी मोडली तर थोडं व्याज कापलं जाईल. काप म्हणालो. तिनं कागद पुढे केला आणि विचारलं, "दोन लाख भरले की हप्ता कमी करायचा की मुदत?"

मुलगा ताबडतोब म्हणाला, "हप्ता."

"मुदत," मी म्हणालो.

"नाना, हप्ता दोन हजारांनी कमी होईल. हातात खेळतील. मला गाडीचंही बघायचंय."

"गाडीचं काय बघायचंय?"

"सेकंडहँड. त्याचा हप्ता पाच-सहा हजार बसेल."

मी त्याच्याकडे बघत राहिलो. माझं तेरावं मोडून हा गाडी घेणार होता, तीही हप्त्यावर. तिला विचारलं, "मुदत कमी केली तर?"

"तीन वर्षांहून जास्त कमी होतात, काका. सध्याचाच हप्ता ठेवायचा. आणि तोच दोन हजारांनी वाढवला, तर चौदाची नऊ-साडेनऊ होतील."

दोन लाखांत तीन वर्षं. तीन वर्षांचे हप्ते म्हणजे सहा लाखांहून जास्त. हे त्या चित्रातल्या किल्लीखाली मोठ्या अक्षरांत लिहायला काय होत होतं? पण लिहिलं तर दात कोण काढेल?

"वाढव," मी म्हणालो.

"नाना, माझा पगार आहे," मुलगा म्हणाला. त्याचा आवाज चढला, आजूबाजूचे बघायला लागले. "मी भरतोय नऊ वर्षं. तुम्ही फक्त वास्तुशांतीला बोललात आणि आजपर्यंत आमच्याकडं पाहुण्यासारखे येता. घर आम्ही चालवतो."

"चालवतोस, पण कुठं चाललंय ते बघत नाहीस."

"तुम्ही तरी कुठं बघितलंत? बारा वर्षं म्हणालात."

उक्त्याच्या सौद्यात पुन्हा विचारायचं नसतं, म्हणून नऊ वर्षं मी एकदाही विचारलं नव्हतं. बँकेला उक्तं माहीतच नाही. तिचा सौदा रोज नव्यानं होतो आणि आकडा ती एकटीच बोलते.

काउंटरवरची मुलगी दोघांकडे बघत पेन धरून बसली होती. मुलानं कागद स्वतःकडे ओढला. मग म्हणाला, "तुम्ही झोपायला याल का घरी? तरच मुदत."

"फिटल्यावर येईन."

"मग हप्ता."

बापाशी असा सौदा. पण धाटणी माझीच होती, गेटपर्यंत जाऊन परत येणारी. मी म्हणालो, "मुदत लिही. झोपायचं बघू."

त्यानं दोन्ही केलं. मुदत कमी केली आणि हप्ताही वाढवला. गाडीचं नाव पुन्हा काढलं नाही. मी मात्र मळ्यात परत गेलो.

घरी आल्यावर बायकोला सगळं सांगितलं. ती लसूण सोलत होती. तेराव्याचे पैसे गेले हे ऐकून तिनं विचारलं, "मग तुमच्या तेराव्याला काय वाढायचं?"

"कढी-भात करा."

"आणि आता किती वर्षं?"

"साडेनऊ."

तिनं थोडा वेळ लसूण सोलला. मग म्हणाली, "एक विचारू? सुरुवातीला साडेपाच लाख रोख कोणी भरले?"

"आपण."

"ते बँकेचे नव्हते?"

"नव्हते."

"आणि साडेतीन फिटले म्हणता. आज दोन टाकले. मग अकरा लाखांचं घर आपलं झालं की नाय?"

मी लसणाचा एक गड्डा उचलून सोलायला घेतला.

"उभा प्लॉट उक्ता घेतला आणि पैसे थोडे थोडे दिले, तर जेवढे वाफे फिटले तेवढे व्यापारी काढून नेतोच ना? तुम्हीच नेऊ देता. मग तेवढ्या जागेत झोपायला तुमच्या शब्दाला काय होतंय?"

"असं नसतं," मी म्हणालो.

"बँकेकडं नसंल. मी तुम्हाला विचारतेय."

तीन दिवस मी तिच्याशी नीट बोललो नाही. चौथ्या दिवशी तिला अंगणात कडुनिंब धरून उभी पाहिली, तिला पुढे जाता येईना आणि मागे येता येईना. मी तिला आत आणलं आणि म्हणालो, कपडे भर.

फ्लॅटवर पोचलो तर सून दारात. मी चप्पल काढली आणि मुलाला म्हणालो, "किचन आणि हॉल, बोळाकडच्या दोन फरश्या सोडून, एवढं फिटलंय. आतल्या दोन्ही खोल्या आणि हा मधला बोळ अजून बँकेचा. मी हॉलमध्ये झोपणार."

"आणि आई?"

"तिनं शब्द दिलेला नाय. ती कुठंही झोपेल."

सून हसू दाबत आत गेली. आतल्या खोलीतून प्लास्टिक फाडल्याचा आवाज आला, नऊ वर्षांचं, चुरचुरणारं. बायको पलंगावर बसली आणि तिनं दोन्ही पाय वर घेतले. मी हॉलमध्ये त्या दोन फरश्यांच्या अलीकडे घोंगडी टाकली, डोकं बोळाकडे. व्याह्यांना कळलं तेव्हा त्यांचा फोन आला, "नाना, बँकेनं भाडेकरू ठेवला का?" मी म्हणालो, "माझ्या जागेत झोपलोय, मोजून घ्या."

तेव्हापासून एक ठरवलंय. दर दिवाळीला मुलानं बँकेत जायचं आणि वर्षात मुद्दलात किती गेलं ते मला सांगायचं, तोंडानं, मेसेज दाखवायचा नाही. गेल्या दिवाळीला त्यानं सांगितलं तेव्हा माझा विश्वास बसला नाही, इतकं थोडं होतं. तरी तेवढ्यापुरती मी घोंगडी एका फरशीनं बोळाकडे सरकवली. नात म्हणाली, "आजोबा, टीव्ही दिसत नाही." मी म्हणालो, बँकेला सांग.

यंदाही सरकवली. आता माझं डोकं बोळाच्या तोंडाशी येतं. आतल्या खोलीचं दार तिथून लांब आहे, आणि मी ते गाठेन असं मला वाटत नाही. पण म्हातारी आत पाय पसरून झोपलेली असते, आणि तिचं घोरणं आता घोंगडीवरून ऐकू येतं.